पायल कपाडिया यांचे दोन सिनेमे: यातला माहितीपट कोणता?

‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’मध्ये एल नावाची मुलगी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून प्रियकराला पत्रं लिहिते. जात आडवी आल्यामुळे त्याच्या घरच्यांनी त्याला अडवून ठेवलंय. ही एल काल्पनिक, तिची पत्रंही. तरी २०२१ साली कान महोत्सवात सर्वोत्तम माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ पुरस्कार याच सिनेमाला मिळाला. उलट ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ उघडतो तो रात्रीच्या खऱ्याखुऱ्या मुंबईत. बाजार, लोकल, आणि पोटासाठी शहरात आलेल्यांचे निरनिराळ्या भाषांतले आवाज. पण हा कथापट आहे. २०२४ मध्ये त्याने कानचा ग्राँ प्री पटकावला.

चित्रण खरं की रचलेलं, एवढीच कसोटी लावली तर दोन्हीकडे गोंधळच उडेल. मला दुसरा प्रश्न जास्त कामाचा वाटतो: काय बनावट निघालं तर सिनेमा कोसळेल? एल नव्हतीच, हे कळल्यावर काही बिघडत नाही. पण फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांचा २०१५चा १३९ दिवसांचा संप, त्यांच्या सभा, पोलिसांच्या मारहाणीचं सीसीटीव्हीतलं चित्रण, यातलं काही खोटं ठरलं तर त्या सिनेमात उरतं काय? त्या पोरांना पडद्याबाहेरही आयुष्य आहे. खुद्द कपाडिया त्या संपात होत्या आणि गुन्हा दाखल झालेल्या विद्यार्थ्यांत त्याही होत्या. इतक्या जवळचं सांगताना ‘मी’ टाळायला त्यांनी एल उभी केली असावी, असा माझा अंदाज.

कथापटात हा धाक नसतो. छाया कदम यांची पार्वती रुग्णालयात स्वयंपाक करते. घराचे कागद नाहीत, बिल्डर मागे लागलाय, शेवटी ती रत्नागिरीकडे गावी परतते. तिची चाळ नेमकी कुठली, हे कुणी विचारत नाही. गिरण्यांच्या मुंबईत असं घडतं, हे पटलं की पुरे. आणि मग किनाऱ्यावर वाचवलेल्या अनोळखी माणसाशी नर्स प्रभा जर्मनीतल्या नवऱ्याशी बोलावं तशी बोलू लागते. तो प्रसंग खरा की मनातला, हे सिनेमा सांगत नाही आणि आपणही जाब विचारत नाही.

दोन्हींचा कॅमेरा रणबीर दास यांचाच. माहितीपटाचं संकलनही त्यांचं. तिथे स्वतःचं, मित्रांचं चित्रण आणि जुन्या घरगुती फिल्म्स जोडत गोष्ट संकलनाच्या टेबलावर जुळत गेली. कथापटाला मात्र आधी पटकथा, नट आणि फ्रान्सपर्यंत जाऊन उभा केलेला पैसा लागला.

माहितीपटावर हात बसवून कपाडिया कथापटाकडे वळल्या, असंही म्हणायची सोय नाही. २०१७ साली कानच्या विद्यार्थी विभागात पोचलेला ‘आफ्टरनून क्लाउड्स’ हा लघुपट काल्पनिकच होता. भीमाशंकरच्या जंगलालगतच्या गावावरचा माहितीपट त्यानंतरचा, २०१८चा.