अनिरुद्ध अग्रवाल (अभिनेता)

अनिरुद्ध अग्रवाल म्हणजे रामसे बंधूंच्या हॉरर पिक्चरमधला राक्षस सामरी. काही ठिकाणी त्यांचं नाव अजय अग्रवाल असंही लागलेलं दिसतं. मूळचे देहरादूनकडचे, रुरकीला सिव्हिल इंजिनिअरिंग शिकलेले, उंची सहा फुटांच्या बरीच वर आणि चेहरा लांबट, हाडं वर आलेली. या अंगकाठीमुळेच रामसेंनी त्यांना उचललं.

रामसेंचा कारभार घरचाच होता, कुमार स्क्रिप्ट लिहायचे, गंगू कॅमेऱ्यावर, किरण साउंडला, तुलसी आणि श्याम डायरेक्शनला, पैसा मोजका, त्यामुळे भुताच्या मेकअपवर आणि ट्रिक सीनवर फार खर्च परवडायचाच नाही. अशा वेळी नुसता दारात उभा राहिला तरी फ्रेम भरून टाकणारा माणूस मिळणं केवढी मोठी गोष्ट! 1984 च्या 'पुराना मंदिर'मध्ये राजा हरिमानसिंह सामरीचं मुंडकं तोडून पेटीत बंद करतो, धड वेगळं पुरतो, आणि मरताना सामरी राजाच्या घराण्याला शाप देऊन जातो. पिक्चर तुफान चालला, पुढच्याच वर्षी सामरीला घेऊन थ्रीडी पिक्चरही काढला. मग 1990 ला 'बंद दरवाजा', त्यात ते नेवला, काळी पहाडीतला रक्त पिणारा. त्यांचं चालणं, मान हळूच वळवणं, बघणं एवढ्यावर हे रोल उभे आहेत, डायलॉग जेमतेम. आणि हा अभिनयच आहे, नुसती उंची नाही, हे ठासून सांगायला पाहिजे, कारण त्यांच्याबद्दल लिहिणारे बहुतेक जण उंचीपाशीच थांबतात.

आपल्या ग्वाल्हेरच्या मराठी लोकांना मात्र त्यांचा 'बँडिट क्वीन'मधला (1994) बाबू गुज्जर जास्त जवळून लागतो. ज्या डाकू फूलनदेवीवर हा पिक्चर आहे तिने फेब्रुवारी 1983 मध्ये इथून जवळच्या भिंडला शरणागती पत्करली आणि नंतर कितीतरी वर्षं ती इथल्याच जेलमध्ये होती, ग्वाल्हेरच्या लश्कर भागातल्या मराठी घरांतही आजोबा लोक बागी (म्हणजे डाकू) आणि बीहडच्या, म्हणजे चंबळच्या दऱ्याखोऱ्यांच्या, गोष्टी सांगायचे, म्हणजे इकडच्या माणसाला डाकू काही पिक्चरमध्येच भेटत नाही. शेखर कपूरच्या या पिक्चरमध्ये अग्रवाल राक्षसाच्या मेकअपशिवाय आहेत, टोळीचा सरदार, क्रूर, आणि शेवटी विक्रम मल्लाहच्या गोळीने मरणारा. रोल लहान आहे पण सामरीपेक्षा जास्त भीती याचीच वाटते, कारण असा माणूस खरोखर असू शकतो.

त्याच वर्षी हॉलिवूडच्या 'द जंगल बुक'मध्ये ते तबाकी होते, 1998 ला 'सच अ लाँग जर्नी'त दिसले. टीव्हीवर रामसेंच्याच 'झी हॉरर शो'मुळे ते घराघरांत पोचले. 2000 च्या 'मेला'नंतर काम अगदी कमी झालं, 2010 च्या 'मल्लिका'त परत हॉररमध्येच दिसले. एवढी ताकद असूनही मेकअपशिवायचा मोठा रोल हिंदी पिक्चरवाल्यांनी त्यांना दिला नाही, याचं वाईट वाटतं.