करड्या कांतीचे चेहरे: एमी शेराल्ड यांच्या व्यक्तिचित्रांची पार्श्वभूमी

अमेरिकी चित्रकार एमी शेराल्ड यांच्या चित्रांतील माणसे कृष्णवर्णीय असतात, पण त्यांची कांती करड्या छटांत रंगवलेली असते. कपडे आणि सपाट पार्श्वभूमी भडक रंगांची असताना चेहरे आणि हात तेवढे जुन्या कृष्णधवल छायाचित्रासारखे दिसतात, आणि या निवडीचे मूळ छायाचित्रणाच्या इतिहासातच आहे.

पाश्चात्त्य तैलचित्रांत मानाची जागा ज्याच्याकडे पैसा असे त्याला मिळे. कृष्णवर्णीय माणूस बहुधा कडेला, नोकराच्या वेषात दिसे. कॅमेरा आल्यावर हे चित्र पालटू लागले. गुलामगिरीतून निसटलेले फ्रेडरिक डग्लस हे एकोणिसाव्या शतकात सर्वाधिक छायाचित्रे काढली गेलेले अमेरिकी मानले जातात. मालकाच्या कृपेत खूश असलेल्या गुलामाच्या व्यंगचित्राला उत्तर म्हणून ते कॅमेऱ्यासमोर सहसा हसत नसत. पुढे १९०० च्या पॅरिस प्रदर्शनात समाजशास्त्रज्ञ डब्ल्यू. ई. बी. डु बॉइस यांनी कृष्णवर्णीय अमेरिकनांची शेकडो छायाचित्रे मांडली. उत्तम पोशाखातील, ताठ बसलेली ही माणसे कसलीही विनवणी करीत नाहीत. शेराल्ड यांच्या चित्रांतील थेट, शांत नजर याच परंपरेतून आली आहे.

शेराल्ड यांचा जन्म १९७३ मध्ये जॉर्जियातील कोलंबस येथे झाला. शाळेच्या सहलीत तेथील संग्रहालयात चित्रकार बो बार्टलेट यांच्या एका चित्रात त्यांनी कृष्णवर्णीय माणूस प्रथमच रंगवलेला पाहिला. बॉल्टिमोरमध्ये कलाशिक्षण घेतल्यानंतरही त्या अनेक वर्षे हॉटेलात वाढपाचे काम करीत होत्या आणि २०१२ मध्ये त्यांच्यावर हृदयप्रत्यारोपण झाले. वॉशिंग्टनमधील नॅशनल पोर्ट्रेट गॅलरी या व्यक्तिचित्रांच्या राष्ट्रीय संग्रहालयाची व्यक्तिचित्र-स्पर्धा त्यांनी २०१६ मध्ये जिंकली. हा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या स्त्री होत्या. दोन वर्षांनी त्याच गॅलरीत त्यांनी काढलेल्या मिशेल ओबामांच्या चित्राचे अनावरण झाले, तेव्हा ‘ओबामा ओळखू येत नाहीत’ अशी तक्रार काहींनी केली. हुबेहूबपणा हीच व्यक्तिचित्राची एकमेव कसोटी मानली, तर ती तक्रार रास्त होती. पण मग या चित्रासमोर रांगा का लागल्या, हे सांगता येत नाही.

मार्च २०२० मध्ये केंटकी राज्यातील लुइव्हिल येथे पोलिसांनी घरात शिरून केलेल्या गोळीबारात ब्रिओना टेलर ही सव्वीस वर्षांची तरुणी मारली गेली. ‘व्हॅनिटी फेअर’ मासिकाच्या मुखपृष्ठासाठी शेराल्ड यांनी तिचे चित्र काढले. त्यात रक्त नाही, पोलीस नाहीत, घोषणाही नाहीत; निळसर-हिरवा झगा ल्यालेली, कमरेवर हात ठेवून उभी असलेली एक मुलगी आहे आणि तिच्या बोटात अंगठी आहे, कारण तिचा मित्र तिला लग्नाची मागणी घालणार होता. मृत्यूपेक्षा हिरावून घेतलेल्या आयुष्यावर नजर ठेवणारे हे चित्र माझ्या मते त्यांचे सर्वांत राजकीय चित्र आहे. लुइव्हिलचे स्पीड कला संग्रहालय आणि स्मिथसोनियन या राष्ट्रीय संग्रहालय-संस्थेचे आफ्रिकी-अमेरिकी इतिहास संग्रहालय यांनी ते संयुक्तपणे घेतले आणि त्या पैशातून शेराल्ड यांनी लुइव्हिल विद्यापीठात शिष्यवृत्त्या सुरू केल्या.

२०२५ मध्ये नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीतच त्यांचे मोठे प्रदर्शन व्हायचे होते. त्यात स्वातंत्र्यदेवतेच्या आविर्भावातील एका पारलिंगी स्त्रीचे चित्र होते. ते वगळण्याची चर्चा संग्रहालयात चालल्याचे कळल्यावर शेराल्ड यांनी जुलैमध्ये सगळे प्रदर्शनच मागे घेतले. नोव्हेंबरमध्ये ते बॉल्टिमोर कला संग्रहालयात भरले.