एकाच हस्ताक्षरातले कबुलीजबाब

ऑक्टोबर २०१८. पेशावर उच्च न्यायालयात सत्तरहून अधिक जणांच्या फायली एकत्र उघडल्या गेल्या. सगळ्यांना दहशतवादाच्या आरोपाखाली पाकिस्तानच्या लष्करी न्यायालयांनी शिक्षा ठोठावलेली, अनेकांना फाशीची. न्यायमूर्ती वकार अहमद सेठ यांच्या खंडपीठाला दिसलं ते असं: कबुलीजबाब एकाच हस्ताक्षरातले, एकाच धाटणीचे आणि आरोपींच्या बाजूने उभा केलेला वकीलही सगळ्यांना मिळून एकच. शिक्षा रद्द झाल्या. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि तिथे या निकालाला स्थगिती मिळाली.

मुळात लष्करी खटल्याची फाईल मुलकी न्यायाधीशापुढे येणं हीच तिकडे मोठी गोष्ट. १९७३च्या राज्यघटनेतलं कलम १९९(३) सांगतं की लष्करी कायदा ज्याला लागू आहे, त्याच्यावरच्या कारवाईत उच्च न्यायालयाने पडायचं नाही. तो कायदा जवानांपुरताच असता तर एक वेळ समजलं असतं. पण अयुब खान यांच्या काळात, १९६७ साली, १९५२च्या आर्मी ॲक्टमध्ये दुरुस्ती होऊन काही गुन्ह्यांपुरते नागरिकही त्यात ओढले गेले.

मुलकी न्यायालयं अगदीच गप्प बसली, असंही नाही. नवाझ शरीफ सरकारने १९९८मध्ये कराचीत लष्करी न्यायालयं बसवली, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी फेब्रुवारी १९९९मध्ये ती घटनाबाह्य ठरवली. मग आला १६ डिसेंबर २०१४. पेशावरच्या आर्मी पब्लिक स्कूलमध्ये तालिबानी हल्लेखोरांनी दीडशेच्या आसपास माणसं मारली, त्यांत बहुतेक शाळकरी मुलं. तीन आठवड्यांच्या आत एकविसावी घटनादुरुस्ती मंजूर झाली आणि दहशतवादाचे खटले दोन वर्षांसाठी लष्कराकडे गेले. मनाविरुद्ध दुरुस्तीच्या बाजूने मत देताना सिनेटर रझा रब्बानी यांना रडू आवरलं नाही. इतकी शरम कधी वाटली नव्हती, असं ते म्हणाले. (मत मात्र दिलं.)

५ ऑगस्ट २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या सतरा न्यायाधीशांनी ११ विरुद्ध ६ मतांनी ही व्यवस्था उचलून धरली, पण एक फट ठेवली. लष्करी न्यायालय अधिकारकक्षेबाहेर गेलं, ते कायद्याप्रमाणे बसलेलंच नसलं किंवा कारवाई दुष्ट हेतूने झाली, तर उच्च न्यायालयाकडे दाद मागता येईल. पुरावा पुरेसा होता का, हे मात्र तपासायचं नाही. सेठ यांनी ही फट रुंद केली. पुरावाच नसेल किंवा अपुरा असेल, तरीही आम्ही हस्तक्षेप करू, असं त्यांच्या निकालात आहे.

आणि हेच वाक्य पुढे हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयापर्यंत पोहोचलं. सांगलीत जन्मलेले, घर पवईत असलेले माजी नौदल अधिकारी कुलभूषण जाधव यांना एप्रिल २०१७मध्ये पाकिस्तानी लष्करी न्यायालयाने हेरगिरी आणि घातपाताच्या आरोपांवरून फाशी सुनावली. हरीश साळवे एक रुपया मानधनावर भारतातर्फे उभे राहिले, हे आपल्याकडे सगळ्यांना पाठ आहे. १७ जुलै २०१९च्या निकालात आंतरराष्ट्रीय न्यायालयाने पेशावरच्या निकालाचा दाखला घेतला, याचा उल्लेख मात्र क्वचितच होतो. जाधव यांच्या शिक्षेचा फेरविचार प्रभावी हवा, असं बजावताना कलम १९९(३)मुळे तो कितपत होईल, ही शंकाही न्यायालयाने नोंदवली. त्यावर पाकिस्तानने आधी वटहुकूम आणि २०२१मध्ये कायदा करून जाधव यांच्यासाठी उच्च न्यायालयाचं दार उघडलं. कागदोपत्री तरी.

यातून विचित्र अवस्था झाली. परक्या कैद्याला जी वाट मिळाली, ती इम्रान खान यांच्या अटकेनंतर उसळलेल्या ९ मे २०२३च्या दंगलीत पकडलेल्या पाकिस्तानी नागरिकांना नव्हती. ऑक्टोबर २०२३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांचे लष्करी खटले बेकायदा ठरवले, डिसेंबरात त्या निकालाला स्थगिती मिळाली आणि अखेर घटनापीठाने ५ विरुद्ध २ मतांनी तो फिरवला. सोबत सरकारला आदेश होता: ४५ दिवसांत उच्च न्यायालयात अपिलाची तरतूद करा. तारीख ७ मे २०२५. त्या दिवशी आपल्या वाहिन्यांवर पहाटेपासून ऑपरेशन सिंदूर होतं.