'स्कारबरो फेअर' खरंच चोरलं होतं का?

अमेरिकन गायक-गीतकार पॉल सायमनने इंग्लिश लोकगायक मार्टिन कार्थीचं 'स्कारबरो फेअर' हे गाणं चोरलं, हे वाक्य वर्षानुवर्षं फिरतंय. ते अर्धंच खरं आहे, आणि उरलेल्या अर्ध्यात एका खाणकामगाराचं नाव हरवतं.

गाणं कार्थीचं नव्हतंच. ते इंग्लंडचं पारंपरिक लोकगीत. त्याचं मूळ 'द एल्फिन नाइट' या जुन्या स्कॉटिश गाथागीतापर्यंत जातं. कार्थीला ते यूअन मॅकॉल आणि पेगी सीगर या लोकगायकांच्या गीतसंग्रहात मिळालं. मॅकॉलने ते उत्तर इंग्लंडमधल्या मार्क अँडरसन या शिशाच्या खाणीतल्या निवृत्त कामगाराकडून ऐकून घेतलं होतं. लोकगीतं अशीच टिकतात.

कार्थीचं स्वतःचं काय, तर गिटारवरची ती मांडणी. ती साधी गोष्ट नव्हे. लंडनच्या लोकसंगीत क्लबांत त्याचं वादन ऐकूनच बॉब डिलनने 'गर्ल फ्रॉम द नॉर्थ कंट्री' रचलं आणि 1963च्या अल्बमवरच्या टिपणात कार्थीचा उल्लेखही झाला. सायमननेही ते कार्थीकडूनच घेतलं. पण सायमन आणि आर्ट गारफंकल या गायक-जोडीच्या 1966च्या अल्बमवर ना 'पारंपरिक' असं छापलं, ना कार्थीचं नाव. चूक झाली ती इथे, आणि माझ्या मते ती लहान नव्हती.

मात्र दोघांचं कायमचं वैर राहिलं, हेही खोटं. 2000 साली लंडनमधल्या आपल्या कार्यक्रमात सायमनने कार्थीला मंचावर बोलावलं आणि दोघांनी तेच गाणं एकत्र गायलं.