पुनवभर : पाणी नवं की सरकलेलं?

आडभुई म्हणजे आम्ही बरेच जण मिळून ज्याच्या गोष्टी लिहितो तो कल्पनेतला मुलूख, आणि तिथल्या गोष्टी वाचणाऱ्याला पुनवभर काय असते ते परत सांगत बसत नाही. चांद भरत जातो तशा विहिरी भरत जातात आणि अवसेला तळ दिसतो, एवढं सगळ्यांना पाठच आहे. पण आता नवीन लिहिणारे लई आलेत आणि त्यातला प्रत्येक दुसरा विचारतोच की पुनवेला एवढं पाणी चढतं तर मग आडभुईत दुष्काळ पडतोच कसा. त्याचं उत्तर या नियमाच्या मागच्या इतिहासात आहे, म्हणून हे.

अगदी जुन्या गोष्टींत पुनवभर नुसता चमत्कार होता. बारवेच्या तळाशी देवी झोपलेली, पुनवेला ती कूस बदलते आन पाणी वर येतं, विषय संपला. गोड गोष्टी होत्या, पण त्यात कुणाला काही कमीच पडायचं नाही त्यामुळं चार पानांत आटपायच्या.

पुनवभरीला आजचं रूप आलं ते २०१६ च्या उन्हाळ्यानंतर. लिहिणारे बहुतेक लातूर, बीड, परभणीकडचे. त्या वर्षी मिरजेहून रेल्वेनं लातूरला पाणी आलं, एप्रिलमधल्या पहिल्या गाडीला १० वाघिणी, साधारण ५ लाख लिटर, पुढं ५० वाघिणींची गाडी सुरू झाली, आणि त्याच्या आधी तर पाणी भरायच्या ठिकाणी गर्दी होऊ नये म्हणून शहरात १४४ कलम लावायची पाळी आलेली. ज्यांनी घागरींच्या रांगा बघितल्या त्यांच्याच्यानं देवीनं कूस बदलली हे काही लिहवेना. तेव्हा पहिल्यांदा कुणीतरी प्रश्न टाकला की पुनवेला वर येतं ते पाणी येतं कुठून?

इथंच तो निर्णय झाला ज्याच्यावरून अजून भांडणं होतात. एक बाजू म्हणायची की पाणी नवं असतं, दर पुनवेला जमिनीच्या पोटात तयार होतं. त्यांचं म्हणणं अगदीच सोडून देण्यासारखं नव्हतं, कल्पनेतल्या जगात तरी माणसाला पोटभर पाणी मिळू द्या की, तिथंही टँकरचीच वाट बघायला लावणार का, असं ते पोटतिडकीनं म्हणायचे. दुसरी बाजू म्हणायची की पाणी नवं नसतं, ते फक्त सरकतं. समुद्राची भरतीच घ्या, इकडं भरती असते तेव्हा दुसरीकडं ओहोटी असते, चंद्र पाण्याचा एक थेंबही तयार करत नाही. आणि जमिनीखालच्या पाण्यावरही चंद्राची ओढ खरोखर असते, खडकात बंदिस्त पाणी असलेल्या काही खोल विहिरींची पातळी त्या ओढीनं काही सेंटिमीटर वरखाली होते. आडभुईत त्या सेंटिमीटरचे पुरुष केले, म्हणजे माणसाच्या उंचीच्या मापानं पाणी चढवलं, एवढाच फरक.

नवं म्हणणाऱ्यांनी तेव्हा बरोबर दुखरी जागा पकडली. खऱ्या समुद्राला पुनवेला आन अवसेला दोन्हीला उधाण येतं, कारण दोन्ही वेळेला सूर्य आणि चंद्र एका रेषेत असतात, मग तुमच्या अवसेला तळ कसा काय? यावर बरेच दिवस काथ्याकूट झाला. शेवटी ठरलं की आडभुईची ओढ दोन भागांत आलटून पालटून चालते, आपल्याकडं अवस म्हणून विहीर तळाला जाते तेव्हा डोंगरापलीकडच्या मुलखात पाणी काठाला आलेलं असतं. तिथला चांद वेगळा आहे. माझ्या मते आडभुईत याच्याइतकं मोलाचं दुसरं काही लिहिलं गेलं नाही, कारण तिथून पुढं प्रत्येक भरलेल्या विहिरीच्या मागं कुणाची तरी कोरडी विहीर उभी राहिली.

हे कुठून आलं ते आपल्याकडच्या माणसाला वेगळं सांगायला नको. गोदावरीच्या वरच्या अंगाला नाशिक-नगरची धरणं, खाली पैठणला जायकवाडी, आणि तूट पडली की दर वेळी तोच वाद की वरून पाणी सोडायचं का नाही, किती सोडायचं, समन्यायी वाटपाचा कायदा २००५ चा असूनसुद्धा कोर्टाची पायरी सुटत नाही. ज्यांनी हा वाद बघितलाय त्यांना सरकलेलं पाणी लगेच कळतं. मतं घेतली तेव्हा सरकलेल्याची बाजू थोडक्यात वर राहिली, काही चांगले लिहिणारे तेव्हा निघून गेले, ते नुकसान झालंच.

त्यानंतरच्या गोष्टींत बारव बदलली. आता प्रत्येक बारवेच्या पायऱ्यांवर क्षाराच्या पांढऱ्या रेघा असतात, एकेका पुनवेची एकेक, आणि म्हातारी बाई पायरीवर बसून बोटानं रेघा चाचपून सांगते की यंदा पलीकडच्यांनी जास्त ओढलं. मग वेधकरी आले, खडकाला खोल छिद्र पाडून पुनवेचं पाणी अवसेपर्यंत अडवून ठेवणारे. तेही आपलंच, बीड-लातूरकडं बोअर किती फुटांवर गेलेत ते बघा, आणि महाराष्ट्राच्या भूजल कायद्यात ६० मीटरच्या खालच्या विहिरींवर बंधनं लिहिलेली असूनही गाडी लावून रातोरात बोअर पाडले जातात. आडभुईत वेधकऱ्याला बंदी नाही, पण त्यानं पाणी अडवलं की पलीकडं कोणत्या गावाची पुनव गेली हे लिहिणाऱ्यानं दाखवायलाच लागतं.

मागच्या काही काळात वाद खडकावर आलाय. काही जण म्हणतात पाणी कुठल्याही दगडातून सरकावं. पण आपला काळा पाषाण स्वतः फार पाणी धरत नाही, पाणी असतं ते वरच्या मुरमात, भेगांत आणि लाव्ह्याच्या दोन थरांच्या मधल्या फटीत, म्हणून एका रानात बोअरला धो धो पाणी लागतं आणि बांधापलीकडं नुसता फुफाटा उडतो. आडभुईतही तसंच ठेवलंय आणि तसंच राहायला पाहिजे, नाहीतर नकाशाला अर्थ उरत नाही.

सध्या परत एक मागणी आलीय, सगळ्या मुलखात एकच झरा असा असू द्या जिथलं पाणी खरंच नवं असेल. मागणाऱ्यांत तरुण पोरं जास्त आहेत आणि त्यांची तळमळ खरी आहे. माझा विरोध आहे, एक झरा दिला की सगळ्या गोष्टी त्याच्याकडंच चालायला लागतील आणि रेघा चाचपणारी ती म्हातारी कुणी लिहिणार नाही. मतं अजून घ्यायचीत, तोवर नियम जुनाच.