टोपी आणि शंभर उंबरठे

चळवळीचे बोधचिन्ह थेट अंतर्मनावर ताबा मिळवते, असे सांगणारे संदेश आंदोलनांच्या दिवसांत मोबाइलवर हमखास फिरतात. जेम्स व्हिकारी या अमेरिकी जाहिरात-सल्लागाराने १९५७ मध्ये असाच दावा केला होता. चित्रपटाच्या पडद्यावर क्षणभर झळकवलेल्या, डोळ्यांना न जाणवणाऱ्या सूचनांमुळे खाद्यपेयांची विक्री वाढली, असे त्याचे म्हणणे होते. पुढे त्यानेच हा बनाव असल्याचे कबूल केले. तरीही नजर लागण्यावर विश्वास ठेवावा तसा अनेकांचा त्यावर अजून विश्वास आहे.

चिन्हाचे एक महत्त्वाचे काम मोजणीचे असते. समाजशास्त्रज्ञ मार्क ग्रॅनोव्हेटर यांनी १९७८ मध्ये मांडलेल्या प्रतिमानात (मॉडेलमध्ये) प्रत्येकाचा एक 'उंबरठा' असतो, म्हणजे आधी किती जण रस्त्यावर उतरलेले दिसले तर आपण उतरू, तो आकडा. शंभर जणांचे उंबरठे ०, १, २ असे ९९ पर्यंत असतील, तर शून्यवाला आपणहून उतरतो, त्याला पाहून एकवाला, त्या दोघांना पाहून दोनवाला, आणि अखेर शंभरही जण रस्त्यावर येतात. आता एकवाल्याचा उंबरठा दोन करा. सरासरी ४९.५ वरून जेमतेम ४९.५१ होते, पण शून्यवाला एकटाच उभा राहतो. आलेखाच्या भाषेत, दिलेल्या आकड्याइतका किंवा त्याहून कमी उंबरठा असणाऱ्यांचे प्रमाण दाखवणारी वक्ररेषा ४५ अंशांच्या रेषेला (जिथे उतरलेले आणि उतरायला तयार असलेले सारखेच असतात) वरून खाली जिथे प्रथम छेदते, तिथे गर्दी थांबते. म्हणून केवळ सरासरी जनमत पाहून आंदोलनाचे भाकीत करता येत नाही.

या साखळीत मनातली सहानुभूती मोजली जात नाही, कारण ती शेजाऱ्याला दिसत नाही. पांढरी टोपी मात्र गल्लीच्या टोकावरूनही दिसते. ५ मे १९३० रोजी गांधीजींना अटक झाल्यावर सोलापूर पेटले आणि १२ मे रोजी येथे लष्करी कायदा लागू झाला. त्या काळात राष्ट्रीय निशाण मिरवणाऱ्यांना शिक्षा झाल्या, लोकांच्या डोक्यांवरच्या गांधी टोप्या उतरवल्या गेल्या. कापडाच्या तुकड्याची एवढी धास्ती वरकरणी हास्यास्पद वाटते. प्रतिमानाच्या दृष्टीने पाहिले, तर मोजणीच बंद पाडण्याचा तो उपाय होता. त्याची दुसरी बाजू अशी की, जोखीम वाढल्यावरही जो टोपी घालून बाहेर पडतो, त्याची ती एक टोपी पाहणाऱ्याच्या हिशेबात पूर्वीच्या अनेक टोप्यांइतकी भरते.