मेणबत्ती विझली म्हणून मास्क निकामी ठरत नाही

मास्क लावून फुंकर मारल्यावर समोरची मेणबत्ती विझली तर तो मास्क कुचकामी समजावा, ही २०२० पासून मोबाईलवर फिरत असलेली चाचणी चुकीची आहे. ज्योत विझते ती हवेच्या झोताने. मास्कचे काम मात्र हवा नव्हे, तर तिच्यातले कण अडवण्याचे असते. एन-९५ मास्कच्या मधल्या थरातील पॉलिप्रॉपिलीनच्या तंतूंवर स्थिर विद्युतभार दिलेला असतो, त्यामुळे तंतूंमधल्या फटींहून कितीतरी लहान कणही त्यांना चिकटून राहतात आणि हवा तेवढी पुढे जाते. अमेरिकेतील नायॉश ही मास्क तपासणारी सरकारी संस्था मिठाचे सुमारे ०.३ मायक्रॉनचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) कण मिनिटाला ८५ लिटर हवेबरोबर मास्कवर सोडते आणि किमान ९५ टक्के अडले तरच मान्यता देते. उलट, तोंडावर प्लास्टिकचा कागद बांधला तर ज्योत हलणारही नाही, पण कडेच्या फटींतून न गाळलेली हवा थेट नाकात जाईल, आणि खरा धोका तोच आहे. घरी तपासायचे असेल तर नाकावरची पट्टी दाबून, दोन्ही तळवे मास्कवर ठेवून श्वास सोडावा. डोळ्यांकडे किंवा गालांवर वारा लागला तर मास्क नीट बसलेला नाही, आणि दाट दाढीवर तो सहसा बसतच नाही.